बोटांची जोडवी: राजापूरच्या सोनाराने बनवलेल्या चांदीच्या अंगठ्या, दीड वर्ष वापरून

माझ्या उजव्या हातात तीन आणि डाव्या हातात दोन अशा पाच चांदीच्या अंगठ्या आहेत. त्यांतली एकही हौसेची नाही. शाळेत बदलून आलेल्या नव्या सरांनी पहिल्याच दिवशी विचारलं, "बाई, शनीच्या का राहूच्या?" मी म्हटलं, "सांध्यांच्या." त्यांना वाटलं मी चिडले. पण खरंच, बोटांचे सैल सांधे मागे वळू नयेत म्हणूनच त्या घालते.

या अंगठ्या मार्च २०२४ मध्ये राजापूरच्या बाजारपेठेतल्या एका अरुंद, जुन्या सोनाराच्या दुकानात बनवायला टाकल्या. दुकानाचं नाव लिहीत नाही, कारण अण्णांनीच बजावलंय, "नाव नका टाकू बाई. लोक मोबाईलवर फोटो घेऊन येतील आणि ऐन लगीनसराईत मी हेच करत बसेन." तेव्हा अण्णा एवढंच. राजापूरवाल्यांना मी कुणाबद्दल बोलतेय ते पुढे वाचता वाचता कळेलच.

आधी आजाराचं, नाहीतर अंगठ्यांचं कौतुक कशाला ते समजणार नाही. माझे सांधे सैल आहेत हे लहानपणापासून ठाऊक होतं. तो आजार आहे हे अडतिसाव्या वर्षी कळलं. वडील गावच्या जाखडीत नाचायचे. अंगठा मागे वळवून मनगटाला टेकवून दाखवायचे आणि आम्ही पोरं तस्संच करायचो. सगळ्यांत मला पटकन जमायचं, म्हणून मी लाडकी. त्यांचा खांदा अधूनमधून उतरायचा. शेजारच्या वाडीतले हाडवैद्य येऊन बसवायचे, वर चहा पिऊन जायचे. 'नाचून नाचून ढिला झालाय' असं सगळे म्हणायचे. नाचून नव्हता झाला, तो आधीपासूनच तसा होता.

माझं बोटांपासून सुरू झालं. खडू धरला की तर्जनीचा मधला सांधा आत दबायचा, म्हणजे उलटा मागे वळायचा, आणि टोक खाली वाकायचं. डॉक्टरांच्या पुस्तकात त्याला हंसाची मान म्हणतात. आमच्याकडे हंस कुठला, मी बगळ्याची मान म्हणते. कधीकधी तो सांधा नुसता दबण्यावर थांबत नाही, बाजूला निसटतो. 'टक्' असा आवाज येतो, तो आवाज मला कळण्याआधी पोटात कळतो. बहुतेकदा सांधा अर्धवट सरकतो आणि हात सैल सोडला की आपोआप जागेवर येतो. मग दोन दिवस बोट सुजून फणसाच्या आठळीसारखं. २०१९ मध्ये अणुस्कुरा घाटात एसटीच्या वरच्या दांड्याला धरून उभी होते, वळणावर गाडी झुकली आणि खांदा उतरला. ओणीला चढले तेव्हाच बसायला जागा मागितली असती तर बरं झालं असतं, पण अंगाने धडधाकट बाई जागा कशी मागणार? खांद्याची वाटी मुळात उथळ असते, त्यात माझं असं. त्याच खेपेला कोल्हापूरच्या संधिवाततज्ज्ञांनी मला बसवून, उभं करून, वाकवून पाहिलं. करंगळ्या मागे नव्वद अंशांच्या पलीकडे गेल्या, दोन गुण. अंगठे मनगटाच्या हाडाला टेकले, दोन. कोपरं उलटी वाकली, दोन. गुडघे उलटे नाही वाकले, शून्य. गुडघे न वाकवता तळवे जमिनीला टेकले, एक. नवापैकी सात. आयुष्यात पहिल्यांदा जास्त गुण मिळाले म्हणून कुणी गंभीर चेहरा केला.

नाव एहलर्स-डॅनलॉस. एहलर्स डॅनिश, डॅनलॉस फ्रेंच. दोघांनी १९०१ आणि १९०८ मध्ये वेगवेगळे रुग्ण मांडले, म्हणून दोघांची नावं. स्टाफरूममध्ये हे नाव घेतलं तर कुणीतरी 'कुठल्या कंपनीचं?' विचारतं, त्यामुळे मी 'सैल सांधे' यावरच भागवते. २०१७ च्या आंतरराष्ट्रीय वर्गवारीत याचे तेरा प्रकार आहेत, पुढे चौदावा भरला. बहुतेक प्रकारांचं जनुक सापडलंय. माझ्या 'हायपरमोबाइल', म्हणजे अति सैल सांध्यांच्या, प्रकाराचं अजून नाही, म्हणून रक्त तपासून ठप्पा मारता येत नाही, तपासणीवरूनच ठरवतात. मार्फान नावाच्या आजारातही सांधे सैल असतात आणि त्यात हृदयाच्या मोठ्या रक्तवाहिनीला धोका असतो, त्यामुळे टूडी इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, करायला लावला. तो ठीक निघाला.

डॉक्टरांनी कोलॅजेन, म्हणजे सांध्यांचे बंध ज्याचे बनतात ते प्रथिन, वगैरे समजावलं. घरी आल्यावर सासूबाईंना मी बाजेवरून सांगितलं. बाजेचे पाय शाबूत, गाते शाबूत, पण सुंभच जन्मापासून ढिलं विणलेलं. एक्स-रेत लाकूड दिसतं, सुंभ दिसत नाही. म्हणून इतकी वर्षं 'हाडं उत्तम आहेत, कॅल्शियम घ्या' असंच ऐकत आले. सासूबाई म्हणाल्या, "मग सुंभ ताणून घ्यायचं." तेच तर होत नाही. ताणून उलट आणखी ढिलं होतं. दोर बदलता येत नाही, भोवतीचे स्नायू बळकट करायचे, एवढाच मार्ग. योगवर्गात मला 'काय लवचीक हो बाई!' म्हणून पुढे बसवायचे, त्या वर्गाने माझं किती नुकसान केलं याचा हिशेब वेगळा.

आता बोटांसाठी काय काय घेऊन पाहिलं ते पटापट सांगते. मेडिकलमध्ये मिळणारी फोम लावलेली ॲल्युमिनियमची पट्टी: बोट सरळ ठेवते, पण काठीसारखं ठेवते. मोडलेल्या बोटाला ठीक, रोज भाकरी थापणाऱ्या हाताला काय उपयोग? चिकटपट्टीने शेजारचं बोट जोडून बांधणं: दोन दिवस बरं, तिसऱ्या दिवशी पट्टीबरोबर कातडी सोलून आली. सैल सांध्यांच्या लोकांची कातडीही बऱ्याचदा नाजूक असते. पट्टी खोबरेल लावून हळूहळू सोडवायची, हे मला नंतर कळलं. ऑनलाइन मागवलेल्या प्लास्टिकच्या अंगठ्या: कल्पना अगदी बरोबर, माप बेतास बात. पण जुलैत आमच्याकडे हवा कशी असते ते तुम्हाला माहिती आहे. चप्पल दाराबाहेर ठेवली तर चार दिवसांत हिरवी होते. त्या दमट हवेत प्लास्टिकखाली बोट पांढरंफटक, सुरकुतलेलं, मग चिरा. एक अंगठी नळाखाली भांडी घासताना गेली, दुसरी वर्गातल्या मुलाने 'बाई, तुमची क्लिप' म्हणून आणून दिली, पण तुकड्यात.

मग कोल्हापूरच्या हाताच्या थेरपिस्टने कागदावर चित्र काढून दिलं. परदेशात या अंगठ्या चांदीच्या बनवतात आणि त्यांची किंमत ऐकून मी पाणी मागितलं. ती म्हणाली, तुमच्या गावात सोनार नाही का?

अंगठीचं काम कसं चालतं ते नीट सांगते, कारण सोनाराला तुम्हीच समजावायचंय. दोन कडी एकमेकांना जोडलेली. एक कडं मधल्या सांध्याच्या अलीकडे, एक पलीकडे, दोन्ही बोटाच्या वरच्या अंगाने जातात. खाली, तळव्याच्या बाजूला, बरोबर सांध्याखाली ती एकमेकांना छेदतात. बोट मागे वळायला लागलं की वरून दोन ठिकाणी दाब बसतो आणि खालून एका ठिकाणी टेकू मिळतो. तीन जागी धरलेलं बोट सरळ होऊन थांबतं, थेरपिस्टच्या मते जरासं वाकलेलंच थांबलं तर उत्तम. पुढे मिटायला मात्र पूर्ण मोकळं. मूठ होते, पेन धरता येतं.

मी चित्र घरी विसरले आणि अण्णांना तोंडी सांगितलं, "आठाच्या आकड्यासारखी करा." आठवड्याने फोन आला, "बाई, हे बोटात जाणार कसं?" गेले तर त्यांनी तांब्याच्या तारेत मराठी ८ वळून ठेवला होता. वरून खाली येणारी एक उतरंड आणि शेपटी. चूक माझीच. पंचवीस वर्षं मराठी शाळेत अंकलिपी शिकवतेय आणि आठ म्हणताना डोक्यात इंग्रजी आठ. दोघंही हसलो. तो तांब्याचा ८ अजून त्यांच्या काउंटरच्या काचेखाली आहे.

दुकान म्हणजे दोन माणसं समोरासमोर बसली तर तिसऱ्याने पायरीवर उभं राहायचं. लाकडी खोकं, त्यावर छोटी ऐरण, एका बाजूला गॅसची शेगडी, फुंकणी आणि भोकांची पोलादी पट्टी, जिच्यातून तार ओढून बारीक करतात. अण्णांचा मोठेपणा इथे दिसला की त्यांनी 'असलं करत नाही' म्हटलं नाही. माझा हात आपल्या हातात घेऊन त्यांनी बोट हळूच मागे दाबलं. दबलं, आणखी दबलं, तेव्हा त्यांनी पटकन सोडून दिलं. "अरे बापरे. हे दुखत नाही?" दुखतं. "मग दाबू का दिलंत?" आता काय सांगणार, सवय.

पहिली अंगठी अस्सल चांदीची केली. अण्णांचं म्हणणं, बाईंकडून भेसळीचे पैसे नको. पाच दिवसांत ती वाकून लांबट झाली, कारण शुद्ध चांदी मऊ असते. विळीवर नारळ खवायला बसले, करवंटीवर हात दाबला आणि अंगठीने आपला आकार बदलून माझ्या बोटाचा आकार घेतला. म्हणजे उलटंच झालं. दुसरी केली ती ९२.५ टक्के चांदी आणि बाकी तांबं घातलेल्या तारेची. तार सुरेख टणक होती, पण छेदाच्या जागी झाळ दिली, म्हणजे धातू वितळवून जोडली, तेव्हा तापून परत मऊ पडली. ही गोष्ट मला आधी ठाऊक नव्हती. ओढून, ठोकून धातू कडक होतो आणि तापवला की पुन्हा नरम. म्हणून तिसऱ्या खेपेला अण्णांनी झाळायचंच टाळलं. जोडव्यांना असतात तशी टोकं मोकळी ठेवून एकावर एक आणली. "बोटाची जोडवी झाली की ही!" असं म्हणाले, तेच नाव पडलं. ती स्प्रिंगसारखी छान बसली. पण मोकळी टोकं साडीच्या पदरात, केसांत, पोरांच्या स्वेटरच्या लोकरीत, जिथे म्हणाल तिथे अडकू लागली. एकदा हजेरीपटाचं पान फाटलं.

चौथी ती खरी. झाळ फक्त छेदावर, मग निमुळत्या लोखंडी दांड्यावर चढवून सगळीकडून लहान हातोडीने हलकं ठोकून पुन्हा कडक केलेली, आणि बोटाला लागणारी आतली बाजू कानशीने चपटी केलेली, म्हणजे रुतत नाही. मी समोर बसून पाहत होते. ठोकताना अण्णा हातोडी उचलत नव्हते, मनगटातून नुसती पडू देत होते. टिक टिक टिक, थोडं फिरव, टिक टिक. दर चार ठोक्यांनी अंगठी काढून माझ्या बोटात घालायची, मला मूठ मिटायला सांगायची, बोट मागे दाबून बघायचं, परत दांड्यावर. तर्जनीच्या एका अंगठीला पाऊण तास गेला. बाहेर लग्नाच्या खरेदीची दोन गिऱ्हाइकं पायरीवर ताटकळत होती आणि माझ्याकडे 'ही कुठली नवरी' अशा नजरेने बघत होती.

मापाबद्दल त्यांनी एक गोष्ट स्वतःहून पकडली, ती थेरपिस्टनेही नंतर बरोबर म्हटली. मी सकाळी गेले तेव्हा माप एक आलं, संध्याकाळी शाळा सुटल्यावर गेले तेव्हा दुसरं. "तुमची बोटं दुपारी फुगतात बाई." तेव्हापासून माप संध्याकाळचंच. प्रत्येक बोटाचं माप त्यांनी बारीक तारेचं कडं करून ठेवलं आणि पाचही कडी एका दोऱ्यात ओवून खिळ्याला टांगली. त्यावर चिठ्ठी, 'बाईंची बोटं'. जुलैत नेहमीप्रमाणे नदीचं पाणी जवाहर चौकात चढलं, तेव्हा अण्णांनी माल माडीवर नेला. खाली राहिलेली मापांची वही भिजली. खिळा उंचावर होता म्हणून माझी बोटं कोरडी राहिली.

किंमत. एका अंगठीत साधारण चार ग्रॅम चांदी आणि मजुरी धरून तेव्हा साडेसहाशेच्या घरात पडली. फसलेल्या तीन अंगठ्यांची मजुरी त्यांनी घेतली नाही, चांदी वितळवून परत वापरली. मी दिली असती. आता चांदीचा भाव कुठे पोहोचलाय ते रोज पेपरात येतंच, त्यामुळे हा आकडा धरून जाऊ नका. वेळ मात्र मोजून वजा करते. 'आठ दिवसांत देतो' म्हणाले आणि पाच अंगठ्या हातात पडायला नऊ आठवडे गेले. एप्रिल-मे मंगळसूत्रांचे दिवस, त्यात आमच्यासारख्यांचं काम खोक्याच्या तळाशी जातं. एकदा तर भर उन्हात फेरी मारली आणि दुकानाला कुलूप. अण्णा भाच्याच्या लग्नाला. फोन करून जायचं मला सुचलं नाही आणि सांगायचं त्यांना सुचलं नाही.

आता वापर. शाळेत पहिला आठवडा मुलं 'बाई रोबोट झाल्या' म्हणत होती. खडू धरताना सांधा आत दबत नाही, फळ्यावर सलग तीन ओळी लिहिता येतात. मी खडूला सायकलच्या ट्यूबचा तुकडाही चढवते, बारीक वस्तू घट्ट धरावी लागते तेव्हा बोटं जास्त सरकतात म्हणून. दीड वर्षात अंगठी घातलेल्या बोटाचा मधला सांधा एकदाही पूर्ण निसटलेला नाही. त्याआधी महिन्यातून दोन-तीनदा व्हायचं. बोटावरचा दुखरा ताणही कमी, कारण बोट सांभाळायला आख्खा हात आखडून ठेवावा लागत नाही.

स्वयंपाकघरात गुण कमी करते. बांगडे साफ करताना छेदाच्या फटीत खवलं अडकतात आणि दुसऱ्या दिवशी वर्गात तुम्ही कुठल्या घरच्या ते कळतं. रातांबे फोडायच्या दिवसांत त्याच फटीत लाल चिकटा बसतो, जुन्या दातांच्या ब्रशने काढावा लागतो. पीठ मळताना काढूनच ठेवते. खाऱ्या हवेने की कशाने, महिन्याभरात काळपट पडतात. गरम पाण्यात खायचा सोडा आणि ॲल्युमिनियमचा कागद टाकून बुडवल्या की पाच मिनिटांत पांढऱ्या.

आणि मोदक. २०२३ च्या चतुर्थीला एकवीस मोदकांतला चौदावा वळताना उजवी तर्जनी निसटली होती. उकड गरम, हाताला तेल, पारीच्या कळ्या काढायला अंगठा आणि दोन बोटं सारखी चिमटीत. तो मोदक हातातून पडला नाही, पण पारी फाटली आणि सारण ताटात. सासूबाईंनी उरलेले सात वळले आणि वर्षभर कुणाला सांगितलं नाही, हे त्यांचं माझ्यावरचं मोठं उपकार. ७ सप्टेंबर २०२४ ला अंगठ्या घालून बसले. कळ्या बोटांच्या टोकांनी काढतात आणि अंगठी मधल्या सांध्यावर असते, त्यामुळे उकडीला लागत नाही. निदान लागायला नको. लागतेच थोडी. दर तीन मोदकांनी फडक्याने पुसत एकवीसच्या एकवीस वळले. सासूबाई म्हणाल्या, "यंदा मोदकांना चांदीचा वर्ख." अठराव्या मोदकानंतर मात्र डाव्या अंगठ्याचं बूड दुखायला लागलं, आणि तिथे या अंगठ्यांची हद्द संपते.

ती हद्द नीट समजून घ्या. अंगठ्याच्या बुडाचा, मनगटाजवळचा सांधा सरकत असेल तर असल्या अंगठीने काही होत नाही. त्याला अंगठा आणि मनगट धरणारा वेगळा पट्टा लागतो. बोट बाजूला वाकत असेल तर या अंगठीला बाजूने आणखी एक आधार लागतो, तो अण्णांनी करून पाहिला, मला जमला नाही. खांदा, गुडघ्याची वाटी, यांचा प्रश्नच नाही. आणि अंगठी सांधा बरा करत नाही. चष्म्यासारखी आहे, काढली की बोट परत बगळा. म्हणून स्नायूंचे व्यायाम सोडले नाहीत. बोट न हलवता नुसता जोर लावून दहा मोजायचे, असे साधे, कंटाळवाणे व्यायाम. ते करताना मी वह्या तपासते.

थेरपिस्टला न दाखवता थेट सोनाराकडे जाऊ नका. कुठल्या बोटाला, किती अंशावर थांबवायचं हे तिने ठरवलं, अण्णांनी ते धातूत उतरवलं. उलट क्रमाने गेलात तर महागडी अंगठी होईल, आधार होणार नाही. रात्री काढून ठेवा. बोट निळं, गार किंवा बधिर वाटलं तर त्याच क्षणी काढा. सांधा निसटला आणि सूज चढायला लागली तर पहिलं काम अंगठी उतरवणं. मी एकदा ती 'थोड्या वेळाने' म्हणून ठेवली आणि मग साबण, खोबरेल, दोरा असा सगळा उपद्व्याप झाला. एमआरआयला जाताना काढायची, हे तिथले लोक सांगतीलच. आणि कुठलाही सांधा पहिल्यांदा पूर्ण उतरला असेल, किंवा जागेवर येत नसेल, तर घरी ओढाताण नको, एक्स-रे काढा, सोबत हाड मोडलेलं असू शकतं. खांदा उतरल्यावर दंडाच्या वरच्या बाजूची कातडी बधिर वाटत असेल किंवा हात गार पडत असेल तर चहा प्यायलाही थांबू नका. वडिलांच्या वेळी यातलं कुणालाच माहीत नव्हतं. हाडवैद्यांचा हात हलका होता म्हणून निभावलं.

वस्तूला पाचपैकी साडेचार. अर्धा कापला तो बांगड्यांच्या खवल्यांचा. दुकानाला चार, एक नऊ आठवड्यांचा. जायचं असेल तर मे उलटल्यावर, गणपतीच्या आधी आणि संध्याकाळी जा, जवाहर चौकात पाणी नसेल तर. चित्र सोबत न्या. तोंडी आठ सांगू नका.

माझी मुलगी अकरा वर्षांची आहे. अंगठा मनगटाला टेकतो. बहुतेक घरांत हे आई किंवा बापाकडून उतरतं आणि प्रत्येक मुलाला येण्याची शक्यता निम्मी धरतात. तिला मी गेल्या महिन्यात दुकानात घेऊन गेले होते, माझी मधल्या बोटाची अंगठी सैल झाली ती घट्ट करायला. तिने अण्णांना विचारलं, माझी कधी? लहान मुलांचे सांधे असेही सैल असतात, आधी हाताला ताकद येऊ दे, मग बघू, असं थेरपिस्टने सांगितलंय, ते मी सांगितलं. अण्णांनी ऐकून घेतलं. मग बारीक तार तिच्या तर्जनीभोवती फिरवली, कडं केलं आणि 'बाईंची बोटं'च्या दोऱ्यात सहावं म्हणून ओवलं. "दरवर्षी येऊन माप देऊन जा," तिला म्हणाले. "वाढलीस की वरचं काढून खालचं घालू." घट्ट केलेल्या अंगठीचे त्यांनी वीस रुपये घेतले.